लिंबू शेवटीच का? एका प्रतिक्रियेला उत्तर

तुम्ही वेळ काढून सविस्तर लिहिलंत, म्हणून उत्तरही जरा ऐसपैस देते. लिंबू आणि ताजी पानं घातलेल्या बटाट्यांच्या माझ्या कृतीवर तुमचे आक्षेप असे: गॅस बंद केल्यावर लिंबू पिळलं की बटाटा वरून आंबट आणि आतून फिका लागतो, त्यापेक्षा उकडतानाच पाण्यात पिळावं, कोथिंबीर-पुदिना तेलात परतून घ्यावा, नाहीतर कच्चट वास राहतो, आणि मुळात उकडलेल्या बटाट्याची कसली आलीय कृती!

शेवटचा आक्षेप आधी घेते, कारण तो लगेच निकालात निघेल. भरपूर मसाला असला की कमी शिजलेला बटाटाही खपून जातो. इथे बटाटा, मीठ, तेल, लिंबू आणि पानं एवढंच आहे, त्यामुळे काहीच लपत नाही. म्हणून कृती.

आता लिंबू. बटाटा मऊ होतो तो त्याच्या पेशींना धरून ठेवणारं पेक्टिन उकळत्या पाण्यात सुटत जातं म्हणून. पाणी आंबट असलं की हे पेक्टिन सहजी सुटत नाही. मग पुरेसा वेळ उकळूनही फोड दाताखाली कडक, करकरीत लागते आणि आपल्याला वाटतं की बटाटाच वाईट निघाला. शिवाय लिंबाचा वास उडून जाणारा. अर्धा तास वाफेबरोबर तो स्वयंपाकघरभर दरवळतो, पातेल्यात मात्र नुसता आंबटपणा उरतो.

पण आतून फिका लागतो ही तुमची तक्रार खरी असणार. त्यावर इलाज मिठाचा आहे, लिंबाचा नाही. फोडी करून गार पाण्यात घाला आणि मीठ तेव्हाच टाका, लिटरभर पाण्याला साधारण १० ग्रॅम. अख्खा, सालासकट बटाटा उकडून नंतर वरून मीठ भुरभुरवलं तर ते वरच राहणार. सुरी अलगद आत गेली की पाणी निथळून टाका आणि फोडी त्याच गरम पातेल्यात परत घालून मिनिटभर हलवा. आधी वाफ भसाभस निघेल, मग कमी होईल, आणि फोडींच्या कडा पांढुरक्या, पिठूळ दिसायला लागतील. त्या पिठूळ कडांनाच तेल आणि रस धरतो. लगेच, हात भाजेल इतक्या गरम असतानाच, अर्ध्या किलोला दोन मोठे चमचे ऑलिव्ह तेल आणि एक मोठा चमचा लिंबाचा रस घालून हलक्या हाताने कालवा. बटाटा गार झाला की वरचा भाग घट्ट होतो आणि सगळा रस तळाशी साचतो. तुमच्याकडे वरून आंबट, आतून फिका हा प्रकार झाला तो यामुळेही असेल.

तुमच्या पद्धतीलाही जागा आहे बरं का. पिठूळ जातीचे बटाटे असतील, सॅलड करायचं असेल आणि फोडी अजिबात मोडायला नको असतील, तर पाण्यात चमचाभर रस जरूर घाला. तिथे तो कडकपणाच कामाला येतो.

पानांबाबत मात्र मी ऐकणार नाही. रोझमेरी, थाइम यांची पानं चिवट. ती तेलात परतलेलीच बरी. कोथिंबीर, पुदिना, शेपू, पार्सली यांचं तसं नाही. उष्णता आणि आम्ल एकत्र आलं की हरितद्रव्यातलं मॅग्नेशियम निघून जातं आणि हिरवा रंग मळकट शेवाळी होतो. वास तर त्याआधीच गेलेला असतो. कच्चट वासाचं म्हणाल तर माझा संशय ओल्या पानांवर आणि बोथट सुरीवर आहे. पानं धुऊन फडक्यावर पूर्ण कोरडी करा, धारदार सुरीने एकदाच चिरा. चिरडलेला पुदिना बघता बघता काळा पडतो. कोथिंबिरीच्या कोवळ्या काड्या बारीक चिरून अर्धा मिनिट गरम तेलात टाकल्या तर माझी हरकत नाही, पानं वाढायच्या आधीच घाला. (काहींना कोथिंबीर साबणासारखी लागते, त्यात जनुकांचाही वाटा असतो. तुमचं तसं असेल तर परतण्यापेक्षा शेपू घ्या.)

राहता राहिली लिंबाची साल. ती कडू लागते असं तुम्ही जाता जाता म्हणालात. कडू असतो तो आतला पांढरा थर. सुगंधी तेल वरच्या पिवळ्या भागात असतं. तेवढंच हलकेच किसा, पांढरं दिसलं की लिंबू फिरवा. सालीवर मेण लावलेलं वाटलं तर आधी गरम पाण्याने घासून घ्या. आणि किसायचं ते रस काढण्यापूर्वी. पिळलेलं लिंबू किसायला गेलात तर बोटंच किसली जातील.