पीक विम्याचे सूत्र आणि बदलते हवामान

पीक विम्याची चर्चा आपल्याकडे कंपन्यांचा नफा आणि बोगस अर्ज यांपलीकडे सहसा जात नाही. दोन्ही तक्रारी रास्तच आहेत; पण ज्या सूत्राने भरपाई ठरते, ते सूत्रच हवामान बिघडत जाईल तसतसे शेतकऱ्याच्या विरोधात जाते, हे मला अधिक गंभीर वाटते.

प्रधानमंत्री पीक विमा योजनेत महसूल मंडळाचे (काही गावांच्या गटाचे) उंबरठा उत्पन्न, म्हणजे उतारा ज्याखाली गेला तरच भरपाई मिळते ती पातळी, काढताना मागील ७ वर्षांपैकी सर्वांत चांगल्या ५ वर्षांची सरासरी घेऊन तिला जोखीमस्तराने, म्हणजे सरासरीच्या जेवढ्या टक्क्यांपर्यंत विमा संरक्षण देतो त्या प्रमाणाने, गुणतात. महाराष्ट्रात हा स्तर ७० टक्के आहे. समजा, एखाद्या मंडळात सोयाबीनची सरासरी हेक्टरी १,५०० किलो आहे. म्हणजे उंबरठा १,०५० किलो. अतिवृष्टीच्या वर्षी कापणी प्रयोगांत (निवडक शेतांतले पीक कापून उत्पादन मोजण्याच्या चाचण्यांत) ९०० किलोच उतारा आला, तर शेतकऱ्याच्या दृष्टीने घट ४० टक्के, विम्याच्या हिशेबात मात्र जेमतेम १४ टक्के. आता असे वर्ष एकाआड एक येऊ लागले, तर ७ पैकी ४ वर्षे वाईट निघतात. त्यातली २ वगळली तरी उरलेली २ सरासरीत शिरतात, सरासरी १,२६० वर आणि उंबरठा ८८२ वर येतो. मग त्याच ९०० किलोंवर छदामही मिळत नाही.

खरीप २०२५ पासून राज्याने १ रुपयातील विमा बंद केला आणि स्थानिक आपत्ती, हंगामातील प्रतिकूल परिस्थिती, काढणीपश्चात नुकसान ही संरक्षणेही काढून टाकली. त्याच हंगामात, सप्टेंबरमध्ये, मराठवाड्यात पुराने पिकांसकट जमिनी खरवडून नेल्या आणि सरकारला ३१ हजार कोटींहून मोठे पॅकेज जाहीर करावे लागले. हप्त्यात वाचवलेला पैसा असा दुसऱ्या दाराने जातो. शिवाय पॅकेज ही सरकारची मर्जी असते, विम्याप्रमाणे हक्क नव्हे.

माझ्या मते उंबरठ्यासाठी एक जुना कालखंड पायाभूत म्हणून कायम करावा आणि जोखीमस्तर, योजनेतच तरतूद आहे त्याप्रमाणे, ८० किंवा ९० टक्के करावा. अर्थात हप्ता वाढेल. खरिपात सोयाबीनसारख्या पिकांसाठी शेतकऱ्याचा वाटा विमा रकमेच्या २ टक्क्यांवर बांधलेला असल्याने वाढीव बोजा केंद्र आणि राज्य यांच्यावर पडेल; पण २०२० पासून कोरडवाहू क्षेत्रात ३० टक्क्यांवरील हप्तादराला केंद्र अनुदान देत नाही, म्हणजे जिथे जोखीम सर्वांत जास्त, तिथला वरचा भार एकट्या राज्यावर येतो. ही मर्यादा उठवण्याची मागणी महाराष्ट्राने दिल्लीत लावून धरायला हवी, आणि तीही पुढच्या खरिपाच्या निविदा निघण्याआधी.