बर्गमनला घडवणारा माणूस

स्वीडिश चित्रपट दिग्दर्शक इंगमार बर्गमनचं नाव निघालं की एक मजकूर हमखास फिरतो. आशय असा: बर्गमन स्वयंभू होता, पहिल्याच चित्रपटात त्याने चुणूक दाखवली, निर्मात्यांनी फक्त पैसे पुरवले किंवा खोडा घातला, आणि त्या काळच्या स्वीडनमध्ये त्याच्याशिवाय नाव घेण्यासारखं कुणी नव्हतं. बर्गमन माझाही अतिशय लाडका. पण या मजकुरात लोरेन्स मार्मस्टेट हा निर्माता पार पुसला जातो, आणि त्याचं मला मनापासून वाईट वाटतं.

आधी पहिला चित्रपट. 'क्रिस' (१९४६) बर्गमनने स्वेन्स्क फिल्मइंडुस्त्री या बड्या कंपनीसाठी केला आणि तो सपशेल पडला. सेटवर त्याची सगळ्यांशी भांडणं चालली होती. मूकपटांच्या काळातले थोर दिग्दर्शक व्हिक्टर शोस्त्रोम तेव्हा त्या कंपनीत कलाविभाग सांभाळत. ते या पोराचं मानगूट धरून त्याला स्टुडिओबाहेरच्या डांबरी रस्त्यावर येरझाऱ्या घालायला लावत आणि समजावत, साधं कर, भांडू नकोस. हे बर्गमननेच लिहून ठेवलंय. यात स्वयंभू काय आहे?

पडलेल्या दिग्दर्शकाला त्याच वर्षी दुसरा चित्रपट दिला तो मार्मस्टेटने. १९३०च्या दशकात त्याने स्वतः चित्रपट दिग्दर्शित केले होते, नंतर टेराफिल्म ही कंपनी काढली.

'नुसते पैसे पुरवले' हा आरोप मला सगळ्यात जास्त खटकतो. मार्मस्टेट रोजचं चित्रीकरण स्वतः बघायचा आणि तोंडावर सुनवायचा. तरुण बर्गमन तेव्हा फ्रेंच चित्रपटांनी भारावलेला होता आणि बिरगर माल्म्स्टेन हा त्याचा आवडता नट. मार्मस्टेटने त्याला बजावलं की माल्म्स्टेन काही जाँ गाबाँ (फ्रेंच नट) नव्हे, आणि तू तर मार्सेल कार्ने (फ्रेंच दिग्दर्शक) मुळीच नाहीस. कठोर बोलणं आहे, क्रूर म्हणा हवं तर. पण उसनी शैली अंगावर घेतलेल्या मुलाला नेमक्या त्याच जागी टोचणारं आहे. आपल्याला चित्रपट करायला याच माणसाने शिकवलं, असं बर्गमनने पुढे लिहिलं.

निर्माता अडथळा आणतो, हा तिसरा मुद्दा. 'स्केप टिल इंडिया लांद' (१९४७) हा चित्रपट घ्या. (नावात इंडिया आहे, पण गोष्ट एका जहाजावरच्या बाप-लेकाच्या वैराची.) मार्मस्टेटने फ्रान्समधल्या कान शहरातून फोन करून चारशे मीटर फिल्म कापायला सांगितली. बर्गमन म्हणाला, एक मीटरही कापणार नाही. चित्रपट पडला. इथे हात झटकता आले असते. मार्मस्टेटने उलट त्याला 'म्युसीक इ मोर्कर' (१९४८) दिला. दागमार एडक्विस्ट या लेखिकेची कादंबरी, आंधळा झालेला पियानोवादक, प्रेमकथा. तो चालला.

आणि मग 'फेंगेल्से' (१९४९), पूर्णपणे बर्गमनच्या स्वतःच्या मूळ पटकथेवरचा पहिला चित्रपट. खर्च अगदी कमी, विषय काळाकुट्ट: पृथ्वी हाच नरक आहे, यावर चित्रपट काढ असं एक म्हातारा गणितशिक्षक दिग्दर्शकाला सुचवतो. माळ्यावर दोन हरलेली माणसं खेळण्यातल्या प्रोजेक्टरवर मूक विनोदपट बघतात, तो प्रसंग मी कितीदा पाहिला असेन. पुढचा सगळा बर्गमन त्यात दिसतो. गल्ल्याची काहीच खात्री नसलेला हा चित्रपट मार्मस्टेटनेच काढला.

स्वेन्स्क फिल्मइंडुस्त्रीचं श्रेय मी नाकारत नाही. बर्गमनला आधी पटकथा-विभागात घेतलं ते त्यांनीच.

राहिला 'दुसरं कुणी नव्हतं' हा दावा. हाम्पे फाउस्टमन या दिग्दर्शकाने 'नात इ हाम्न' (१९४३) हा पहिला चित्रपट टेराफिल्मसाठीच केला, तेव्हा तो चोवीस वर्षांचा होता. दिग्दर्शक आणि नट हास्से एकमन तर १९४०च्या दशकाच्या सुरुवातीपासून मार्मस्टेटकडे एकामागून एक चित्रपट करत होता आणि बर्गमनचा खराखुरा प्रतिस्पर्धी मानला जाई. 'फेंगेल्से'मध्ये नरकाची कल्पना ऐकून घेणारा तो दिग्दर्शक पडद्यावर उभा केलाय एकमननेच. पुढच्याच वर्षी त्याने मार्मस्टेटसाठी 'फ्लिका ओक ह्यासिंतर' केला. एका तरुणीची आत्महत्या, आणि ती का, याचा शेजारच्या जोडप्याने घेतलेला शोध. बर्गमन बघून झाला असेल तर तो जरूर बघा.