सोसणे आणि तगणे: एका फिरत्या मजकुराला उत्तर

जून महिन्यात फुलबागेतील समाधीपाशी बलिदान दिवसाची तयारी सुरू झाली की ग्वाल्हेरच्या आम्हा मराठी घरांतल्या मोबाइलवर राणी लक्ष्मीबाईंविषयीचे मजकूर फिरू लागतात. या वर्षी त्यांच्या जोडीने आणखी एक मजकूर आला आणि तो निरनिराळ्या गटांतून माझ्यापर्यंत चार वेळा पोहोचला. अमेरिकन कादंबरीकार आणि पत्रकार मार्था गेलहॉर्न हिचे उदाहरण घेऊन त्यात चार विधाने केली आहेत. तिला नाव मिळाले ते प्रसिद्ध अमेरिकन कादंबरीकार हेमिंग्वेची बायको म्हणून. तिने लिहिले ते इस्पितळांविषयी आणि निर्वासितांविषयी, म्हणजे ते खरे युद्धवृत्त नव्हे. कादंबरी लिहिणाऱ्याची बातमी भेसळीचीच असते. आणि अखेरीस, मोठ्या उदारपणे, स्त्री मुळातच सोशिक असल्यामुळे युद्ध तिला मोडत नाही, उलट घडवते. हे शेवटचे वाक्य कौतुकाचे वाटल्यामुळेच बहुतेकांनी मजकूर पुढे पाठवला असावा. माझे खरे भांडण त्याच वाक्याशी आहे. पण आधीची तीन ओलांडल्याशिवाय तिथे पोहोचता येत नाही.

पहिल्या विधानाला तारखा पुरेशा आहेत. अमेरिकेतील महामंदीच्या काळात सरकारी मदतखात्यासाठी गावोगाव फिरून गेलहॉर्नने जे पाहिले, त्यावर आधारलेले तिचे कथापुस्तक 1936 मध्ये प्रसिद्ध झाले. हेमिंग्वेशी तिची ओळख त्याच वर्षाच्या अखेरीस झाली, लग्न 1940 मध्ये झाले आणि 1945 मध्ये ते संपलेही. त्यानंतर ती अर्धशतकाहून अधिक जगली, 1966 मध्ये व्हिएतनामला गेली आणि पनामावरील अमेरिकन आक्रमणानंतर वयाच्या 81व्या वर्षी तिथे जाऊन वार्तांकन करून आली. उलट नवऱ्यामुळे तिची वाट अडली, याचा पुरावा मात्र आहे. ती ज्या ‘कॉलियर्स’ साप्ताहिकासाठी 1937 पासून लिहीत होती, त्याच साप्ताहिकाचा युद्धवार्ताहर म्हणून 1944 मध्ये हेमिंग्वेने स्वतःची नेमणूक करून घेतली आणि तिची जागा गेली.

दुसरे विधान अधिक गंभीर आहे, कारण त्यात आघाडी म्हणजे काय याची एक ठराविक कल्पना गृहीत धरलेली आहे. दुसऱ्या महायुद्धात, जून 1944 मध्ये, दोस्तांचे सैन्य फ्रान्समधील नॉर्मंडीच्या किनाऱ्यावर उतरले, तेव्हा स्त्री वार्ताहरांना आघाडीवर जाण्याची परवानगी नव्हती. परिचारिकांच्या मुलाखती घ्यायच्या आहेत असे सांगून गेलहॉर्न एका इस्पितळ-जहाजावर चढली, शौचालयात कडी लावून बसली आणि पुढे स्ट्रेचर वाहणाऱ्यांबरोबर नॉर्मंडीतल्याच ओमाहा नावाच्या किनाऱ्यावर उतरली. अधिकृत परवाना हाती असलेल्या तिच्या नवऱ्याने पहिल्या दिवसाचा तो किनारा नावेतूनच पाहिला होता. परत आल्यावर या आगळिकीबद्दल तिचा वार्ताहराचा परवाना काढून घेण्यात आला. त्या जहाजाविषयी तिने जे लिहिले त्यात डावपेच नाहीत. पट्ट्यांमधून जेमतेम दिसणाऱ्या तोंडात चहादाणीच्या तोटीने कॉफी ओतायला किती वेळ लागतो, हे आहे. त्या तोंडाची ती अवस्था युद्धानेच केली होती, तेव्हा ही कॉफी युद्धाच्या बाहेरची कशी ठरते, हे मजकूर लिहिणाऱ्याने सांगावे.

मराठी वाचकाला तर ही गोष्ट नवी वाटायला नको. 1857 च्या धामधुमीचे आपल्या भाषेतले सर्वांत जिवंत वर्णन ज्यांनी लिहिले, ते वरसईचे विष्णुभट गोडसे शिपाई नव्हते; आपल्याच ग्वाल्हेरच्या बायजाबाई शिंदे मथुरेला यज्ञ करणार आहेत हे ऐकून दक्षिणेच्या आशेने निघालेले ते भिक्षुक होते. झाशीचा वेढा त्यांनी शहराच्या आतून पाहिला, म्हणूनच लूट, कत्तल आणि जीव मुठीत धरून लपलेली माणसे त्यांच्या ‘माझा प्रवास’मध्ये आली. हा भिक्षुक तोफेवर उभा नव्हता म्हणून ते युद्धवर्णन नव्हे, असे कोणी म्हटल्याचे माझ्या ऐकिवात नाही. आपण ज्या भागात राहतो त्याचे नाव लष्कर आहे, तेही दौलतराव शिंद्यांच्या छावणीवरून. मराठ्यांच्या छावणीत बायका होत्या, मुले होती, बाजार होता, बुणगे होते. त्यांना वगळून आपल्याकडची एकही मोहीम सांगता येत नाही.

तिसऱ्या विधानात मात्र तथ्याचा एक कण आहे आणि तो लपवणे मला बरे वाटत नाही. अमेरिकेच्या दक्षिणेत जमावाने एका कृष्णवर्णीयाला फाशी दिल्याचा एक लेख गेलहॉर्नने 1936 मध्ये लिहिला. तो प्रत्यक्षदर्शीचा वृत्तान्त म्हणून वाचला गेला, आणि असा प्रसंग आपण पाहिलेला नाही, हे तिने मागाहून अमेरिकन राष्ट्राध्यक्षांच्या पत्नी एलिनॉर रूझवेल्ट यांच्यापाशी खासगीत कबूल केले. ही चूकच होती आणि तिचे समर्थन करता येत नाही. परंतु त्यावरून कादंबरीकाराची प्रत्येक बातमी खोटी ठरवायची, तर कधीही कादंबरी न लिहिलेल्या वार्ताहरांनी पसरवलेल्या खोट्या बातम्यांचे काय करायचे? शिवाय तिने दोन्ही प्रकार वेगळे ठेवल्याचे उदाहरणही समोर आहे. देशाचा काही भाग हिटलरच्या जर्मनीला देणाऱ्या म्युनिक करारानंतरच्या चेकोस्लोव्हाकियाविषयी तिने 1938 मध्ये साप्ताहिकात वृत्तान्त लिहिला आणि त्याच अनुभवावरची प्रागमधल्या निर्वासितांची गोष्ट 1940 मध्ये कादंबरी म्हणून, कादंबरीच्या नावानेच, प्रसिद्ध केली.

आता चौथे विधान. सोसणे आणि तगणे ही आपल्या भाषेत दोन वेगळी क्रियापदे आहेत आणि मजकुराने त्यांची गल्लत केली आहे. तगणारा माणूस काहीतरी करत असतो: पाणी भरतो, वाट शोधतो, पोरांना घेऊन पळतो, प्रसंगी शस्त्र उचलतो. दुसऱ्या महायुद्धात सोव्हिएत सैन्यात लाखो स्त्रिया होत्या, त्यांत नेमबाज होत्या, वैमानिक होत्या, तशाच गणवेश धुणाऱ्याही होत्या. बेलारूसची लेखिका स्वेतलाना अलेक्सिएविच हिने त्यांना बोलते केले, तेव्हा युद्धाने आम्हाला घडवले एवढ्यावर त्यांचे बोलणे आटोपले नाही. सोसण्याला स्वभाव ठरवले की सोसायला लावणारा वाक्यातून अलगद निघून जातो. स्पेनमधील यादवी युद्धाच्या काळात माद्रिदमधून गेलहॉर्नने पाठवलेल्या पहिल्याच वृत्तान्तात एक म्हातारी एका लहान मुलाचा हात धरून लगबगीने चौक ओलांडते आहे. गोळा फुटतो, पोलादाचा तुकडा मुलाच्या गळ्यात शिरतो आणि ती मेलेल्या मुलाचा हात हातात धरून तशीच उभी राहते. त्या उभे राहण्याला लेखिका धैर्य म्हणत नाही, सोशिकपणा तर नाहीच. गोळे शहरावर पडत आहेत आणि ते कोणीतरी डागत आहे, एवढेच ती वाचकाला विसरू देत नाही.

आणि ज्या राणीच्या निमित्ताने हा मजकूर आमच्याकडे आला, तिच्याविषयी गोडसे भटजींनी काय लिहिले आहे तेही वाचावे. झाशी पडल्यानंतर काल्पीच्या वाटेवर एका विहिरीपाशी त्यांची आणि राणीची गाठ पडली. ती धुळीने माखलेली आणि तहानेलेली होती. भटजी पाणी शेंदायला सरसावले, तेव्हा विद्वान ब्राह्मणाने आपल्यासाठी पाणी काढू नये असे म्हणून तिने ते स्वतः शेंदले आणि ओंजळीने प्यायली. मग ती जे बोलली त्यात सोसण्याचा सूर नाही. आपण अर्ध्या शेर तांदळाची धनीण, विधवाधर्म सोडून या उद्योगात पडायची आपल्याला काही गरज नव्हती, तरीही धर्माचा अभिमान धरून आपण यात उतरलो, असे तिने त्यांना सांगितले, आणि घोड्यावर बसून ती पुढे गेली.