सलाईनच्या नळीचं टोक बोथटच असतं

माझ्या आतेने गेल्या आठवड्यात रात्री अडीच वाजता हातातली सलाईनची नळी उपटून काढली. मुलाला उठवलं, पिशवीतली कात्री काढायला लावली, चिकटपट्टी कापली आणि ओढली. चादर, गाऊन, खाटेची कड, सगळीकडे रक्त. लावणीच्या दिवसांत चिखलात उभी राहून ताप घेऊन आलेली बाई. डोळे लाल, पिंढऱ्यांना हात लावू देत नव्हती. डॉक्टरांनी लेप्टो, म्हणजे उंदरांच्या मुतातून चिखलपाण्यात पसरणारा ताप, धरून पेनिसिलिन चालू केलेलं, दर सहा तासांनी शिरेतून. लेप्टोत रक्त गोठवणाऱ्या प्लेटलेट पेशी उतरतात, म्हणून रक्त लवकर थांबेना. ताप आणि उलट्यांनी शिरा बसलेल्या. दुसऱ्या हाताला शीर मिळेपर्यंत तिला तीनदा टोचावं लागलं आणि सकाळी सहाचा डोस साडेआठला गेला.

हे सगळं एका व्हॉट्सॲप मेसेजपायी. तो आधी तिच्या भजनी मंडळाच्या ग्रुपवर आला, मग मालवणपासून देवगडपर्यंत आमच्या निम्म्या नातेवाइकांकडे. मला स्वतःला तो पाच जणांकडून आला आहे. मी २२ वर्षं नर्स आहे, आणि या काळात किती हजार नळ्या लावल्या ते मोजलेलं नाही. त्यामुळे आता गप्प बसवत नाही.

मेसेज थोडक्यात असा: दवाखान्यात हातात सलाईनची सुई ठेवून देतात, ती आत मोडते आणि हृदयात जाते. नळी काढल्यावर टोक बघा, बोथट असेल तर ती आधी दुसऱ्या पेशंटला वापरलेली आहे. रंगावरून दर्जा ओळखा, हिरवी जाडी गरिबांना लावतात. हवेचा एक बुडबुडा गेला तरी माणूस खलास. २४ तासांनी नळीत विष तयार होतं. मुळात ही वस्तू प्रयोगशाळेतल्या उंदरांसाठी आणि माशांसाठी बनवली होती. म्हणून कुणाची वाट न बघता पट्टी कापा आणि काढून टाका. शिवाय सलाईन हा बिल वाढवण्याचा धंदा आहे.

टोकापासूनच सुरू करते, कारण आतेचा विश्वास तिथेच बसला.

आम्ही जिला व्हेनफ्लॉन किंवा इंट्राकॅथ म्हणतो, पुस्तकात कॅन्युला, ती सुई नव्हेच. हा शब्द लॅटिनमधून आला, अर्थ बारीक बोरू. पाकीट फोडलं की आत दोन गोष्टी एकात एक असतात. आत स्टीलची पोकळ सुई, तिरकस कापलेली आणि धारदार. तिच्यावर घट्ट बसवलेली प्लास्टिकची नळी, जी सुईच्या टोकाच्या जराशी अलीकडे संपते. सुई कातडी आणि शीर भेदते, मागच्या छोट्या कप्प्यात रक्त दिसतं. ते दिसलं की आम्ही हात खाली झुकवतो, नळी सुईवरून पुढे सरकवतो आणि सुई पूर्ण मागे काढून थेट सुयांच्या डब्यात टाकतो. हातात राहते ती फक्त प्लास्टिकची नळी, टेफ्लॉनची किंवा पॉलियुरेथेनची. तिला धार नसते, कारण धार असती तर हात हलला की शीर आतून फाटली असती. माणूस त्या हाताने पाणी पितो, कूस बदलतो, संडासला जातो. ते सगळं जमतं ते टोक बोथट असल्यामुळेच. म्हणजे मेसेज ज्याला वापरलेपणाची खूण म्हणतो, ती कारखान्यातून नवी कोरी आलेल्या प्रत्येक नळीची खूण आहे. ही कसोटी लावली तर जगातली एकही नळी पास होणार नाही.

आतेला मी हे सांगून पटलं नाही, म्हणून दाखवलं. तिथल्या सिस्टरकडून वीस नंबरची गुलाबी मागून घेतली, तिच्यासमोर पाकीट फोडलं आणि सुई काढून टाकली. उरली ती जेमतेम तीन सेंटिमीटरची नळी. बोटाभोवती वाकवली तर वाकली, सोडली तर सरळ झाली. टोक तिच्या तळहातावर दाबलं. विचारलं, "टोचता?" ती म्हणाली, "नाय गो, टोचणा नाय. माका वाटला सुई आतच ऱ्हवली."

तिला असं वाटणं चूक म्हणू नये. एके काळी ते खरंच होतं. पूर्वी स्टीलची सुईच शिरेत ठेवत आणि हात फळीला किंवा पुठ्ठ्याला बांधून टाकत, हलायचं नाही. माझ्या सीनियर सिस्टर त्या बांधलेल्या हातांबद्दल सांगायच्या. अमेरिकेत मेयो क्लिनिकमध्ये डेव्हिड मासा या डॉक्टरने १९५० च्या सुमाराला सुईवर चढवलेली प्लास्टिकची नळी वापरात आणली. सुई काढून घ्यायची आणि नळी ठेवायची, ही कल्पना तिथून रुळली. आजही स्कॅल्प व्हेन म्हणजे फुलपाखरासारखे पंख असलेली सुई लावली तर आत स्टील असतं, पण ती थोड्या वेळापुरती. ज्या सुईची भीती मेसेज घालतो, तिच्यापासून सुटका करायलाच ही नळी आली.

आता मोडून हृदयात जाण्याचं. इथे मला एक गोष्ट मान्य करावी लागते, नाइलाजाने. नळीचा तुकडा तुटून शिरेतून पुढे गेल्याच्या घटना वैद्यकीय नियतकालिकांत नोंदलेल्या आहेत. फार विरळ, पण आहेत. त्या कशा होतात हेही नीट माहीत आहे. एक, सुई अर्धवट मागे घेतल्यावर पुन्हा नळीत पुढे ढकलली तर तिची धार आतून प्लास्टिक कापते. म्हणून आम्हाला पहिल्या वर्षीच शिकवतात की एकदा मागे घेतलेली सुई पुन्हा पुढे ढकलायची नाही. शीर चुकली तर पूर्ण काढून नवी घ्यायची. दुसरं कारण, पट्टी काढताना कात्री चालवणं.

पुन्हा वाचा. कात्री. मेसेज लिहिणाऱ्याने नळी मोडण्याची भीती घातली आणि उपाय म्हणून नेमकी नळी कापणारी गोष्ट हातात दिली. आतेची नळी त्या रात्रीच्या सिस्टरने ट्रेमध्ये ठेवून दिली होती, मी सकाळी बघितली. गुलाबी बुंध्यापासून दोन-तीन मिलिमीटरवर, कातडीच्या जरा बाहेर जिथे असते तिथे, प्लास्टिकला एका बाजूने चीर गेलेली होती. कात्री आणखी थोडी मिटली असती तर बुंधा हातात आणि नळी शिरेत राहिली असती. हे लिहितानाही माझा हात थरथरतो. ज्याने हे बसून टाइप केलं, त्याने एकदा तरी कुणाला तरी विचारायला हवं होतं.

रंगाचं लवकर संपवते. रंग म्हणजे फक्त जाडी, आणि ती खूण आंतरराष्ट्रीय मानकाने ठरलेली आहे. २४ नंबर पिवळी, २२ निळी, २० गुलाबी, १८ हिरवी, १६ करडी, १४ नारिंगी. नंबर वाढला की नळी बारीक होते. हिरवीतून मिनिटाला साधारण ९० मिलिलिटर जातं, निळीतून ३५ च्या आसपास, पाकिटावर छापलेलं असतं, वाचा. बाळाला पिवळी लावतात. अपघातात किंवा बाळंतपणात रक्तस्राव झाला तर हिरवी किंवा त्याहून जाड लागते, कारण रक्त झपाझप चढवायचं असतं. मुंबई-गोवा महामार्गावरच्या अपघातातून आणलेल्या माणसाला हिरवी लावली, तर ती त्याला वाचवण्यासाठी. त्याची गरिबी तिथे कुणी बघत नाही.

बुडबुड्याबद्दल सारखं विचारतात. हाताच्या शिरेतून गेलेला बारीक बुडबुडा फुप्फुसात पोचतो आणि तिथे विरून जातो. मोठ्या माणसाच्या जिवावर बेतायला एकदम २०० ते ३०० मिलिलिटर हवा लागते असा अंदाज आहे. बाटलीपासून हातापर्यंतच्या अख्ख्या लांब नळीत मावते ती वीसेक मिलिलिटर. तरीही आम्ही लावण्याआधी नळीतली हवा काढतो. तान्ह्या बाळाच्या आणि हृदयाला छिद्र असलेल्या पेशंटच्या बाबतीत तर डोळ्यांत तेल घालून काढतो. मानेतली मोठी शीर किंवा डायलिसिस असेल तर हिशोब वेगळा. पण नळीत तांदळाएवढा बुडबुडा दिसला म्हणून रात्रभर जागत बसलेले नातेवाईक मी पाहिले आहेत, त्यांनी निवांत झोपावं.

२४ तासांत विष होतं, हे धादांत खोटं. यावर २०१२ साली लॅन्सेट या वैद्यकीय नियतकालिकात एक मोठा अभ्यास छापून आला. ऑस्ट्रेलियात क्वीन्सलँडमधली तीन रुग्णालयं, ३,२८३ पेशंट. निम्म्यांची नळी दर तिसऱ्या दिवशी बदलली. बाकीच्यांची गरज पडली तरच, म्हणजे दुखलं, सुजलं, बंद पडली किंवा काम संपलं तर. शिरेला सूज येण्याचं प्रमाण दोन्हीकडे सारखं निघालं, ७ टक्के. तीन दिवस पाळून फरक पडला नाही, तिथे २४ तासांचं काय घेऊन बसलात? आपल्याकडे बऱ्याच ठिकाणी ७२ तासांनी बदलतात, त्यालाही माझी हरकत नाही. पण ते सात टक्के खरे आहेत, आणि त्यांची काळजी घ्यायला मेसेज नको, डोळे हवेत. नळीच्या जागी लाल झालं, गरम लागलं, शीर दोरीसारखी टणक लागली, सलाईन जाताना हात फुगला किंवा पट्टी ओली झाली, तर तेव्हाच सिस्टरला हाक मारा. रात्री तीन वाजता असेल तरी मारा. आणि औषध तोंडाने चालू झालं तरी नळी तशीच असेल तर विचारा, "ही अजून कशाला?" हा प्रश्न विचारायचा तुम्हाला पूर्ण हक्क आहे.

प्रयोगशाळेचं म्हणाल तर तिथेही बोथट नळ्या असतात, त्यांच्या त्यांच्या कामाच्या. माझा भाचा रत्नागिरीला शिरगावच्या मत्स्य महाविद्यालयात शिकतो. जिताड्याची मादी अंडी द्यायला तयार आहे का हे बघायला तिच्या जननमार्गात मिलिमीटरभर जाडीची मऊ नळी हलकेच घालून थोडी अंडी ओढून घेतात, असं त्याने सांगितलं. मग सूक्ष्मदर्शकाखाली मोजतात. ०.४ मिलिमीटरच्या पुढे असली तर मासळी तयार. उंदराला तोंडातून औषध द्यायच्या नळीला टोकाशी गोळी असते, घसा सोलू नये म्हणून. मासळीलासुद्धा इजा होऊ नये म्हणून ज्या गोष्टीचं टोक बोथट ठेवतात, तिची माणसाला भीती कसली घालता?

उरला धंदा. यातलं अर्धं खरं आहे आणि ते मी लपवणार नाही. अशक्तपणा वाटतो म्हणून बाटली लावून घेणारे आणि लावून देणारे दोघेही आपल्याकडे आहेत. अर्ध्या लिटर साध्या सलाईनमध्ये साडेचार ग्रॅम मीठ असतं, बाकी पाणी. पाच टक्के ग्लुकोजच्या अर्ध्या लिटरमध्ये २५ ग्रॅम साखर. तोंडाने पेज जाते त्या माणसाला पेजेतून जास्त मिळतं. वापरलेल्या सुया आणि सिरिंज पुन्हा वापरल्याची पापंही या देशात घडली आहेत. २००९ साली गुजरातेत मोडासा भागात त्यातूनच हिपॅटायटिस बी पसरला आणि माणसं गेली. म्हणून पाकीट तुमच्यासमोर फोडायला सांगा, तारीख बघा. कुणी नर्स त्यावर चिडली तर चिडू दे. पण आते ताकदीची बाटली घेत नव्हती. तिला शिरेतून पेनिसिलिन चालू होतं, आणि लेप्टोने आमच्या जिल्ह्यात काय केलंय ते प्रत्येक वाडीला माहीत आहे.

सातव्या दिवशी तिचे डोस संपले. सिस्टरने स्पिरिटच्या बोळ्याने पट्टीची कड भिजवली, कात्रीशिवाय अलगद सोलली, नळी सरळ मागे घेतली आणि जागेवर कापूस दाबून धरला. नळी काढली की टोक अख्खं आहे ना, हे आम्ही बघतोच. सिस्टर बघत होती तेवढ्यात आतेने चष्मा लावला.

"हाड हयसर," म्हणाली. नळी हातात घेतली, उजेडाकडे धरली, टोकावरून बोट फिरवलं.

"बोथाट आसा," तिने शेजारच्या खाटेवरच्या बाईला सांगितलं, आणि तिलाही दाखवलं.