लिफ्ट येईपर्यंत

दिवाळीनंतर आजवर मी २११ वेळा मेलो. आकडा अंदाजे नाही. स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवर ही दुधाचे खाडे लिहिते, त्याच चौकटीत खाली भाचा माझी मरणं मांडतो. नोव्हेंबरातल्या एका रविवारी दूध शून्य आणि मी नऊ, अशी नोंद आहे.

भाचा इंजिनिअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला, आमच्याकडे नाशिकला, इंदिरानगरात राहायला. येताना त्याने जो कॉम्प्युटर आणला त्याला गणपतीच्या मखरासारखे दिवे आहेत. "मामा, संध्याकाळी नुसते बसून असता, खेळा ना," असं म्हणत त्याने मला 'आर्क रेडर्स'पुढे बसवलं. स्टॉकहोमच्या एम्बार्क स्टुडिओजचा हा खेळ, ३० ऑक्टोबर २०२५ ला आला. या प्रकाराला म्हणे एक्स्ट्रॅक्शन शूटर म्हणतात. माणसं जमिनीखाली राहतात, वर यंत्रांचं राज्य, आणि आपल्यासारखेच माल शोधत फिरणारे दुसरे खेळाडू. तुम्ही वर जायचं, पडक्या घरांतून तारा, बॅटऱ्या, भंगार गोळा करायचं आणि साधारण अर्ध्या तासात लिफ्ट पकडून जिवंत खाली यायचं. मेलात तर नेलेलं आणि मिळवलेलं सगळं गेलं.

"म्हणजे धनत्रयोदशीला मेन रोडवर खरेदी," मी म्हणालो.

"मामा, तिथे गोळ्या नाही घालत कोणी."

हा मुलगा धनत्रयोदशीला मेन रोडवर गेलेलाच नाही.

पहिला आठवडा मी समजत होतो की हा नेमबाजीचा खेळ आहे. तसा तो नाही. हा आमच्या द्वारका चौकाचा खेळ आहे. आत शिरायला अक्कल लागत नाही, सगळा कस बाहेर पडताना. भाचा पहिल्या दिवसापासून ओरडत होता, "मामा, उतरल्या उतरल्या नकाशा उघडा, आधी एक्झिट बघा." बाहेर पडायच्या जागा चार-पाच असतात आणि वेळ सरेल तशा एकेक बंद होत जातात. मी आपला आधी कपाटं बघायचो. मग शेवटची चार मिनिटं उरली की आठवायचं, अरे, आपल्याला घरी जायचंय. आणि त्या वेळी उघडी असलेली एकमेव लिफ्ट नकाशाच्या दुसऱ्या टोकाला. वेळ संपली की वरून जो भडिमार होतो त्यात कोणी वाचत नाही. मी नाही वाचलो, सहा वेळा.

मधे तीन दिवस मी या खेळाच्या थोरल्या भावाकडेही जाऊन आलो. 'एस्केप फ्रॉम टार्कोव्ह', सेंट पीटर्सबर्गच्या कंपनीचा. हा प्रकार लोकप्रिय केला तो यानेच. २०१७ पासून बीटा, म्हणजे चाचणीची आवृत्ती म्हणूनच चालू होता, पूर्ण आवृत्ती आली थेट नोव्हेंबर २०२५ मध्ये. आमच्या भागातले काही पूलही असे बीटात आहेत. मी गेलो ते एका कारणासाठी. त्या खेळात बंदुकीचा विमा उतरवता येतो! मी २४ वर्षं विम्याच्या धंद्यात आहे, ऊर भरून आला. विमा उतरवला, उत्साहाने मेलो, आणि नंतर माझी बंदूक खरोखर परत आली. ना क्लेम फॉर्म, ना पंचनामा, ना 'साहेब जेवायला गेलेत'. पुढच्या खेपेला मात्र काहीच आलं नाही. चौकशी केली तेव्हा कळलं की मारणाऱ्याने तुमची वस्तू उचलून नेली तर विमा नाही, तिथेच टाकून दिली तर आहे. म्हणजे चोरी झाली तर काही मिळणार नाही, चोराला माल पसंत पडला नाही तर मिळेल. ही अट आमच्या धंद्यात अजून कोणाला सुचलेली नाही. कृपया कोणी कळवू नये.

बाकी टार्कोव्ह माझ्या वयाला झेपणारा नाही. पाय मोडतो, मग वेदनाशामक गोळी घेऊन मोडक्या पायाने पळायचं. भूक लागते, तहान लागते. एवढं सगळं मला घरबसल्या होतंच. परत आर्क रेडर्सवर आलो.

इथे जगायचं तर कान हवेत. हेडफोन लावल्याशिवाय उतरू नये. पळालात की पावलांचा आवाज लांबवर जातो, कपाट फोडलंत की त्याहून लांब. घरी रात्री साडेअकराला चकलीचा डबा आपण ज्या हाताने उघडतो, झाकण अंगठ्याने दाबून, श्वास रोखून, त्याच हाताने इथलं प्रत्येक काम करायचं असतं. या बाबतीत माझी तयारी दांडगी होती, फक्त ती इथे उपयोगी पडते हे समजायला दीड महिना गेला. हवेत तरंगणारं एक यंत्र आहे, स्निच नावाचं. ते स्वतः गोळी घालत नाही. तुम्हाला बघतं आणि इतर यंत्रांना बोलावून आणतं. आमच्या सोसायटीत हे पद निवडणुकीने भरतात. टिक नावाची बारकी यंत्रं अंधाऱ्या खोल्यांत पालीसारखी दबा धरून असतात आणि थेट तोंडावर उडी घेतात. पहिल्यांदा ती आली तेव्हा मी खुर्चीसकट मागे गेलो. खुर्चीचा विमा नव्हता.

पण यंत्रं परवडली. माझे बहुतेक मृत्यू एका वाक्याने झालेत, आणि ते वाक्य माझंच आहे: "आलोच आहोत तर." मुंबईचे पाहुणे घेऊन पंचवटीत जावं, रामकुंड झालं की आलोच आहोत तर काळाराम, काळाराम झाला की सीतागुंफा, मग तपोवन राहिलंच कशाला, आणि संध्याकाळी पाहुण्यांच्या आजीला रिक्षात उचलून घालावं लागतं. तसंच इथे. पिशवीत चांगला माल असतो, लिफ्ट समोर असते आणि मी म्हणतो, आलोच आहोत तर ती वरच्या मजल्यावरची खोली बघू.

यावर भाच्याने अस्सल नाशिकचा उपाय काढला. गोदावरीला पूर आला की आपण क्युसेक विचारत नाही, नदीपात्रातल्या दुतोंड्या मारुतीच्या कुठवर पाणी आलं ते विचारतो. तो मागे पलंगावर पुस्तक घेऊन पडलेला असतो, तिथून विचारतो, "मामा, पाणी कुठवर?" मी पिशवी बघून सांगतो, "गुडघ्याला." कमरेला लागलं की निघायचं, असा करार आहे. गळ्यापर्यंत थांबलो त्या दिवशी कॅलेंडरवर नोंद होते.

दुसरा रोग मध्यमवर्गीय आहे. पोरांच्या भाषेत 'गिअर फिअर'. चांगली बंदूक हाती लागली की ती न्यायची भीती वाटते, मेलो तर जाईल म्हणून. माझ्या कोठारात आठ उत्तम बंदुका पडून आहेत आणि मी रोज खेळाने फुकट दिलेली डबडी बंदूक घेऊन जातो. फुकटच्या सामानात सेफ पॉकेट मिळत नाही. मेल्यावरही ज्यातली वस्तू आपलीच राहते असा हा चोरकप्पा, बनियनच्या आतल्या खिशासारखा. म्हणजे फुकट गेलो की कमाई राखता येत नाही, आणि राखायची तर चांगलं सामान पणाला लावावं लागतं. हे भाच्याने चारदा समजावलं. पण आमच्या शोकेसमध्ये लग्नातला बोनचायनाचा सेट अजून खोक्याच्या पेंढ्यासकट आहे. माझ्याकडून एकदम काय होणार?

सर्वांत वाईट जागा लिफ्टची. बटण दाबलं की भोंगा होतो आणि पंचक्रोशीला कळतं की इथे कोणीतरी भरलेली पिशवी घेऊन उभं आहे. म्हणून बटण दाबून लगेच लांब झुडपात जायचं, गुपचूप बघत बसायचं, दार उघडलं की मगच धावायचं. वाईट एवढंच, की त्या झुडपात आधीच कोणीतरी बसलेलं असतं.

परवाचीच गोष्ट. साडेसातला ही आतून म्हणाली, "अहो, मिसळ करतेय, खालून लिंबं आणा." मी म्हणालो, "पाच मिनिटं." आमच्या भुयारात स्क्रॅपी नावाचा कोंबडा आहे. आपण वर मरत असताना तो इकडेतिकडे फिरून थोडंफार सामान जमवून ठेवतो. त्याची बढती करायची तर खाऊ लागतो, कधी जर्दाळू, कधी लिंबं. त्या दिवशी माझी तीन लिंबं कमी होती. फळझाडांपाशी गेलो, लिंबं घेतली, पाणी घोट्यालाही नव्हतं, तरी शहाण्यासारखा निघालो. बटण दाबलं, झुडपात शिरलो, आणि झुडपात माणूस.

या खेळात जवळच्या माणसाशी माइकवर बोलता येतं. एरवी मी "डोन्ट शूट" म्हणतो. त्या क्षणी तोंडातून निघालं, "अरे बाबा, मारू नको!"

दोन सेकंद शांतता. मग आवाज आला, "काका? कुठले तुम्ही?"

"नाशिक. इंदिरानगर."

"मी सिन्नरचा. दबा खाली, तुमचं डोकं दिसतंय."

एवढ्यात समोरून तिसऱ्याच कोणीतरी गोळ्या झाडल्या आणि मी आडवा झालो. आडवा झालेला माणूस लगेच मरत नाही, थोडा वेळ सरपटतो, आणि सरपटत लिफ्टमध्ये शिरला तरी चालतं. सिन्नरकर माझ्यापुढे उभा राहून गोळीबार करत होता आणि ओरडत होता, "काका, डावीकडून! डावीकडून घ्या!" मी डावीकडून घेतलं. भाचा पुस्तक टाकून खुर्चीमागे उभा. दार उघडलं, मी घुसलो, सिन्नरकर मागे चालत आत आला. आता हा मला इथे सहज संपवू शकतो हे माझ्या मनात आलं, आणि त्याच्याही आलं असावं, कारण त्याने विचारलं, "काका, पिशवीत काय आहे?"

"लिंबं. तीन."

तो इतका हसला की माइक खरखरला. मग त्यानेच बटण दाबलं. खाली पोचलो, धावत जाऊन कोंबड्याला लिंबं दिली. भाच्याने कॅलेंडरवर प्रथमच हिरवी खूण केली.

ताटं वाढून झाली होती. तर्रीवर कांदा, शेव, पाव. हिने आधी माझ्याकडे, मग घड्याळाकडे पाहिलं. साडेआठ.

"लिंबं?"

"आणली ना," भाचा म्हणाला, "तिन्ही कोंबड्याला दिली."