ती धून योको शिमोमुरांची आहे

नव्वदच्या दशकात व्हिडिओ गेम पार्लरमध्ये 'स्ट्रीट फायटर टू' खेळलेल्या कुणालाही विचारा, त्यातल्या लढवय्या र्‍यूची धून आजही तोंडपाठ असेल. पण ती कुणाची, असं विचारलं की बहुतेकजण गप्प. रेडिओवर गाण्याआधी गीतकार-संगीतकाराचं नाव ऐकत वाढलेली माणसं आपण. जपानी संगीतकार योको शिमोमुरा हे नाव आपल्याला माहीत नसावं याचं मला मनापासून वाईट वाटतं.

ओसाका कॉलेज ऑफ म्युझिकमधून १९८८ साली त्या पियानो शिकून बाहेर पडल्या. पियानो शिकवायची नोकरी समोर होती, ती सोडून त्या कॅपकॉम या गेम कंपनीत गेल्या. घरचे आणि शिक्षक नाराज झाले. एवढी फी भरून शिकवलं ते यासाठी का? गेमच्या संगीताला तेव्हा संगीत मानतच नव्हते.

कॅपकॉमचा 'स्ट्रीट फायटर टू' १९९१ साली आला तेव्हा त्या २३ वर्षांच्या होत्या. सगॅट वगैरे लढवय्यांच्या काही धुना इसाओ आबे यांच्या, बाकी जवळपास सगळं काम शिमोमुरांचं. पार्लरच्या गोंगाटात, ठोशांच्या आवाजातून धून कानापर्यंत पोचायला हवी, तीही पहिल्या काही सेकंदांत. शिवाय लाइफ, म्हणजे लढवय्याची उरलेली ताकद, संपत आली की संगीताचा वेग वाढतो आणि खेळणार्‍याचे हात आपोआप घाईला येतात. गाइलची धून तर मला त्या दशकातल्या कुठल्याही गाण्याइतकी पक्की बांधलेली वाटते. ढालसिम या भारतीय लढवय्याची मात्र नाही आवडत. हत्तींसमोर वाजणारं ते संगीत म्हणजे लांबून कल्पिलेला भारत आहे, आपल्या कानाला ते परकंच लागतं.

मला खरा आदर वाटतो तो पुढच्या निर्णयाबद्दल. एवढं यश मिळाल्यावर १९९३ साली त्यांनी कॅपकॉम सोडलं, कारण त्यांना अभिजात पाश्चात्त्य वळणाचं, गोष्ट सांगणारं संगीत करायचं होतं आणि कॅपकॉममध्ये रोलप्लेइंग, म्हणजे एखादं पात्र होऊन लांबलचक गोष्ट खेळायच्या, गेमसाठी वेगळे संगीतकार होते. त्या स्क्वेअर या दुसऱ्या गेम कंपनीत गेल्या. तिथले त्यांचे गेम: 'लाइव्ह अ लाइव्ह', 'सुपर मारिओ आरपीजी', 'पॅरासाइट ईव्ह', आणि २००२ साली 'किंगडम हार्ट्स'. त्याच्या सुरुवातीच्या पडद्यावरची 'डिअरली बिलव्हड' ऐका. थोडेसे सूर, कुठलीही घाई नाही, आणि पियानोवर वाढलेला हात लगेच ओळखू येतो. र्‍यूची धून करणारी बाई हीच, यावर पटकन विश्वास बसत नाही.

नंतर बाळंतपणाची रजा संपल्यावर २००३ पासून त्या स्वतंत्रपणे काम करू लागल्या. 'फायनल फँटसी १५' त्यानंतरचं. २०२५ साली बाफ्टा या ब्रिटिश अकादमीने त्यांना फेलोशिप दिली, हा तिथला सर्वोच्च सन्मान. माझ्या मते तो दहा वर्षं आधीच मिळायला हवा होता.

ऐकायला सुरुवात करणार असाल तर 'लिजंड ऑफ माना' या गेमच्या संगीतापासून करा, १९९९ सालचं. आपण स्वतः सर्वात जास्त त्यात उतरलो आहोत असं शिमोमुरांनीच म्हटलं आहे. आणि हेडफोन लावून ऐका, मोबाइलच्या स्पीकरवर नको.