सोलापुरात बसून भरतीबद्दल का लिहायचं? एका प्रतिक्रियेला उत्तर

कोकणातले खारबंधारे (खाडीचं खारं पाणी शेतात येऊ नये म्हणून घातलेले बांध) आणि उधाणाची भरती यावरच्या लेखाखाली एका वाचकाने लिहिलं आहे, थोडक्यात असं: "समुद्र इथून शेकडो किलोमीटर. २०२५ च्या सप्टेंबरात सीना नदीने माढा, करमाळा, मोहोळ धुऊन काढलं, लांबोटीजवळ पुणे महामार्ग बंद पडला, आणि तुम्ही भरतीचं गणित मांडताय. 'भिंतीने पूर थांबत नाही' असं लिहून मोकळे झालात. गावाने नेमकं करायचं काय, ते एका ओळीत नाही."

नमस्कार. शेवटची तक्रार रास्त आहे आणि भिंतीबद्दलचं ते वाक्य माझं चुकलंच. आधी तेच दुरुस्त करतो.

खारबंधारा ही भिंतच आहे. तो नसता तर रायगडच्या खाजणात, म्हणजे खाडीकाठच्या सखल जमिनीत, भात उभा राहिला नसता. मला म्हणायचं होतं ते असं: बंधारा बाहेरचं पाणी अडवतो तसं आतलंही अडवतो. म्हणून बंधाऱ्याच्या पोटात उघाडी ठेवतात. वरच्या बाजूला बिजागरी असलेली झडप. ओहोटीला आतलं पाणी तिला बाहेर ढकलून निघून जातं, भरतीला खाडीचं पाणी तिला चौकटीवर दाबून बंद करतं. माणूस लागत नाही, वीज लागत नाही. एक भरती ते पुढची भरती सुमारे १२ तास २५ मिनिटं. त्यातला जेमतेम निम्मा वेळ उघाडी वाहते.

आता ५० हेक्टर खाजणावर १०० मिलिमीटर पाऊस पडला असं धरा. म्हणजे ५०,००० घनमीटर पाणी. एक चौरस मीटर तोंडाची उघाडी, पाण्याचा वेग सेकंदाला दीड मीटर, तर तासाला ५,४०० घनमीटर बाहेर जातं. सगळं निघायला नऊ तासांच्या वर लागतात आणि ओहोटी मिळते सहाच तास. उरलेलं पाणी पुढची भरती संपेपर्यंत पिकात उभं. तिथे बंधारा आणखी उंच करून काही साधत नाही, दुसरी उघाडी लागते. बिघाडही बहुतेक इथेच होतो: झडपेत ओंडका किंवा प्लास्टिकचा गुंता अडकतो, चार बोटांची फट राहते आणि रात्रीच्या भरतीत खारं पाणी आत येतं. बंधाऱ्यात खेकड्यांनी केलेली बिळं वेळेवर बुजवली नाहीत तर त्यातूनच खांड पडते. एकदा शेत खारं झालं की एका पावसाळ्यात ते धुऊन निघेलच असं नाही.

मुंबईचं दुखणं याच जातीचं. २६ जुलै २००५ ला सांताक्रूझला २४ तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस झाला आणि त्याच दुपारी ४.४८ मीटरची भरती होती. नाल्यांची तोंडं समुद्राच्या पातळीखाली गेल्यावर पाण्याला जायला जागाच राहिली नाही. हाजी अली, इर्ला, लव्हग्रोव्हला पंप बसवावे लागले ते त्यामुळेच: तोंड बंद करायचं आणि पाणी उचलून पलीकडे टाकायचं.

पाऊस किती पडला हे सगळेच विचारतात. पाणी जिथे जायचं तिथली पातळी काय आहे, हे फार थोडे विचारतात. सोलापूरकरांसाठी भरतीवर लिहायचं ते एवढ्याचसाठी.

हत्तरसंग-कुडलला सीना भीमेला मिळते. भीमेवरच्या उजनी धरणातून १ लाख क्युसेक (सेकंदाला १ लाख घनफूट) विसर्ग दिवसभर चालू राहिला तर २४ तासांत ८.६४ टीएमसी (अब्ज घनफूट) पाणी भीमेत उतरतं, आणि नीरेचं पाणी नरसिंहपूरला येऊन मिळतं ते वेगळंच. भीमा अशी चढलेली असताना संगमावर सीनेचं पाणी अडतं आणि तुंबलेल्या पाण्याचा फुगवटा मागे सरकत जातो. सीनेच्या खालच्या टप्प्यातल्या गावांसाठी चढलेली भीमा म्हणजेच भरती, आणि ही भरती सहा तासांत ओसरत नाही. माढा-मोहोळकडे फुगवट्याचा प्रश्न नव्हता, हे मला मान्य आहे. तिथे सीना कोळेगाव, चांदणी, खासापुरी या धरणांतून सुटलेलं पाणी आणि मधल्या पाणलोटातला पाऊस एकदम आला. पण त्या गावांतही बारीक प्रमाणात हेच घडतं. नदी चढली की ओढ्याचं पाणी नदीत शिरत नाही, उलट नदीचंच पाणी ओढ्याने गावात येतं. लोक नदीकडे तोंड करून पहारा देतात आणि पाणी मागच्या ओढ्यावरच्या मोरीतून वस्तीत शिरतं.

आता गावाने काय करायचं ते.

पहिलं काम पातळीची खूण. पुलाचा खांब, घाटाची पायरी, देवळाची भिंत, जे हलणार नाही असं काही निवडा आणि त्यावर दर २५ सेंटीमीटरला ऑइल पेंटने आकडे टाका. मग गवंड्याची पाणीनळी घ्या, पंधरा-वीस मीटरची पारदर्शक. पाणी भरताना एक टोक वर धरून हळूहळू भरा. नळीत हवेचा एक बुडबुडा राहिला तरी दोन्ही टोकांची पातळी जुळत नाही आणि चूक कळतही नाही. बोटाने टिचकी मारत बुडबुडे वर काढा. खुणेपासून सुरुवात करून घरागणिक पातळी नेत जा, प्रत्येक उंबऱ्याला तुमच्या आकड्यात किती, ते वहीत लिहा. शेवटी फिरून पहिल्या खुणेवर या. फरक पाच सेंटीमीटरच्या आत असेल तर काम चालेल, जास्त असेल तर पुन्हा करा. शंभर उंबऱ्यांची वस्ती दोन दिवसांत होते.

एक सावधगिरी. पुराच्या पाण्याला उतार असतो. पुलाजवळ ४ च्या आकड्यावर असलेलं पाणी किलोमीटरभर खालच्या वस्तीत त्याच आकड्यावर नसतं. लांबच्या वस्तीला तिची स्वतःची खूण हवी.

दुसरं काम वेळेचं. प्रत्येक वस्तीतून गावात येणाऱ्या वाटेवरचा सगळ्यांत खोल भाग शोधा आणि त्याचीही पातळी त्याच वहीत घ्या. बऱ्याचदा उंबऱ्याला पाणी लागायच्या कितीतरी आधी वाट बुडालेली असते, आणि निघायची वेळ ठरते ती वाटेवरून. पाणी तासाला ३० सेंटीमीटर चढतंय आणि म्हातारी माणसं, लेकरं, जनावरं हलवायला ३ तास लागतात, तर खोल भागाला पाणी लागायला ९० सेंटीमीटर बाकी असतानाच निघायला हवं. अंधार आणि पाऊस धरून दीड मीटर ठेवा. हा आकडा खांबावर लाल रंगात लिहिलेला असला की रात्री दोन वाजता कोणाला वाद घालावा लागत नाही. जनावरं आधी न्या; न्यायला जमलंच नाही तर दावी सोडा. पुरात जनावर मरतं ते बऱ्याचदा खुंट्याला बांधलेलं म्हणून. नदीवरच्या मोटारी आणि स्टार्टर त्याच्याही आधी काढायचे, आणि पाणी डीपीपर्यंत येण्याअगोदर वायरमनला सांगून वीज बंद करून घ्यायची.

कोकणात तिथीला पाऊणने गुणलं की भरतीची वेळ साधारण मिळते: अष्टमीला सहाच्या सुमारास, पुनवेला सव्वाअकरा-बाराला. आपल्याकडे असं पंचांग नाही, पण धरणाचा विसर्ग आहे. वर किती वाजता किती क्युसेक सोडले आणि तुमच्या खांबावर पाणी किती वाजता कुठल्या आकड्याला लागलं, एवढ्या दोन नोंदी दर पावसाळ्यात ठेवा. तीन-चार पुरांत तुमचं स्वतःचं पंचांग तयार होतं. विसर्गाचा मेसेज सगळ्यांना येतो, पण "६०,००० क्युसेक" म्हणजे आपल्या देवळाची कितवी पायरी, हे या वहीशिवाय कळत नाही.

तिसरं, नदीवरचे कोल्हापूर पद्धतीचे बंधारे, म्हणजे दारं घालून पाणी अडवायचे आणि दारं काढून सोडायचे बंधारे. दारं पावसाळ्याआधी काढायची आणि परतीचा पाऊस सरल्यावर घालायची हे सगळ्यांना पाठ आहे. तरी शेवटचं वाहतं पाणी अडवण्याच्या घाईत दारं लवकर घातली जातात आणि सप्टेंबरचा पूर त्यांच्यावर येतो. मग पाणी बंधाऱ्यावरून जातंच, शिवाय बाजूचा भराव कापून शेतातून नवी वाट काढतं. २०२५ नंतर तरी घाई नको. ग्रामसभेत तारीख ठरवा आणि दारं कोणाच्या ताब्यात राहतील ते नावानिशी लिहून ठेवा. ओढ्याच्या मोरीवर उघाडीसारखी झडप बसवता येते, पण झडप बंद असताना गावातलं पावसाचं पाणी कुठे साठेल याची जागा आधी दाखवा. नाहीतर वर मांडलेलं खाजणाचं गणित गावातच घडेल.

पूररेषेबद्दल थोडक्यात. निळी रेषा साधारण २५ वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची, लाल १०० वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची. "शंभर वर्षांतून एकदा" ऐकून लोक निश्चिंत होतात. पण घराचं कर्ज ३० वर्षांचं असेल, तर तेवढ्या काळात लाल रेषेपर्यंत एकदा तरी पाणी येण्याची शक्यता २६ टक्के आणि निळ्या रेषेपर्यंत ७१ टक्के. निळ्या रेषेच्या आत जोतं टाकणाऱ्याला हे आकडे कोणीतरी सांगायला हवेत.

हे सगळं कागदावरच राहतं, असंही तुम्ही म्हणाल. ओडिशात १९९९ च्या चक्रीवादळात सुमारे १०,००० माणसं गेली. २०१३ च्या फायलिन चक्रीवादळात मृतांचा आकडा पन्नासच्या आत राहिला. मध्ये समुद्र तोच होता. निवारे बांधले गेले, इशारा गावोगाव पोचू लागला, कोणी कोणाला घेऊन जायचं याच्या याद्या झाल्या आणि त्यांची दरवर्षी तालीम झाली.

शेवटी एक घाईचं काम. सप्टेंबर २०२५ च्या पाण्याची चिखलाची रेघ ज्या भिंतींवर अजून दिसते, तिथे रंग किंवा गिलावा होण्याआधी ती छिन्नीने कोरून घ्या आणि शेजारी महिना-साल टाका. वहीतला सगळ्यांत वरचा आकडा तोच.